सील तुटलेलं, बिल अडुसष्ट हजारांचं : भरायचं की भांडायचं?

पत्र :

ताई, नमस्कार. मी यवतमाळ जिल्ह्यात दारव्हा तालुक्यातल्या एका खेड्यात राहते. ओसरीत दोन एचपीची पिठाची गिरणी आहे, माझीच. मीटर सासऱ्यांच्या नावानं आहे, ते वारून तीन वर्षं झाली. मागच्या महिन्यात भरदुपारी वीज कंपनीचं पथक आलं. हे वावरात होते, घरी मी आणि सासूबाई. त्यांनी मीटरला मशीन लावून पाहिली. म्हणाले, सील तुटलेलं आहे, मीटर २२ टक्के स्लो आहे, ही चोरी आहे. मीटर काढून नेलं, लाइन तोडली, चार-पाच कागदांवर माझ्या सह्या घेतल्या आणि एक कागद हातात दिला. वाचून काही दाखवलं नाही. आता दोन बिलं आली, एक ६८,२०० रुपयांचं आणि दुसरं तडजोडीचं, ३० हजारांचं. सात दिवसांत भरा म्हणतात. शपथेवर सांगते ताई, आमी मीटरले हात बी लावला नाही. मागच्या मृगात वादळ झालं तेव्हा पेटीत ठिणग्या उडत होत्या, तर लाइनमननंच पेटी उघडून वायर जोडून दिली होती. सील तेव्हापासूनच नसावं. गावातले म्हणतात, घरी पुरुष नसताना धाड टाकताच येत नाही, केस टिकत नाही. एक जण म्हणतो, पंधरा हजार दे, साहेबाशी बोलून मिटवतो. दुसरा म्हणतो, ग्राहक मंचात जा. भाऊ म्हणतो, भरून टाक, नाहीतर पोलीस घेऊन जातील. दळणं बंद आहेत. शेजारचा वायर द्यायला तयार आहे, ती घेऊन गिरणी चालू केली तर चालेल का? कागदांच्या झेरॉक्स सोबत जोडल्या आहेत.
– एक गिरणीवाली

उत्तर :

ताई, तुमच्या झेरॉक्स वाचल्या. आकड्यांच्या आधी मला खटकली ती एक वेगळीच गोष्ट. सोबतच्या पत्रावर कलम १२६ लिहिलं आहे आणि बिलावर कलम १३५. दोन्ही वीज कायदा २००३ मधलीच कलमं आहेत, पण एक म्हणजे दुसरं नव्हे. पैसे किती, दाद कुठे मागायची, मुदत किती, पोलीस येणार की नाही, हे सगळं तुमचं प्रकरण कोणत्या कलमाखाली आहे त्यावर ठरतं. गावातला जो तो सल्ला देतोय, पण 'कलम कोणतं?' हे कोणी विचारलेलं दिसत नाही.

कलम १२६ म्हणजे विजेचा अनधिकृत वापर. घरगुती मीटरवर दुकान चालवलं, एका जागेची वीज दुसऱ्या जागेला नेली, छेडछाड झालेल्या मीटरमधून वीज वापरली गेली, हे सगळं त्यात येतं. तिथे तुमची नियत कशी होती याला महत्त्व नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये ओडिशातल्या सीताराम राईस मिलच्या खटल्यात हे स्पष्ट केलं आहे : १२६ ला अप्रामाणिक हेतू लागत नाही, १३५ ला लागतो. १२६ मध्ये फक्त पैशाची आकारणी होते, गुन्हा दाखल होत नाही. कलम १३५ म्हणजे सरळ चोरी. त्यात तीन वर्षांपर्यंत कैद किंवा दंड किंवा दोन्ही होऊ शकतं. दहा किलोवॅटपर्यंतच्या भारासाठी पहिल्या वेळी दोष सिद्ध झाला तर दंड चोरीतून झालेल्या फायद्याच्या किमान तिप्पट, दुसऱ्या वेळी किमान सहापट.

आता तुमच्या बाबतीत काय झालं ते पाहा. पथकाने त्याच दुपारी लाइन तोडली. साध्या थकबाकीसाठी लाइन तोडायची तर आधी १५ दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते. जागच्या जागी लाइन तोडण्याचा अधिकार कंपनीला मिळतो तो चोरी पकडल्यावर, कलम १३५ मधून. तोही पथकातल्या कोणालाही नाही, तर अधिकार दिलेल्या अधिकाऱ्यालाच. शिवाय त्याच कलमात पुढे लिहिलं आहे की लाइन तोडल्यापासून २४ तासांच्या आत पोलीस ठाण्यात लेखी तक्रार द्यायची. म्हणजे त्यांनी वागताना १३५ धरलं आणि पत्र लिहिताना १२६. तेव्हा तुमचा पहिला अर्ज याच मुद्द्याचा हवा : ही कारवाई नेमकी कोणत्या कलमाखाली, अधिकाऱ्याचं नाव-हुद्दा काय, पोलिसांत तक्रार दिली असेल तर कोणत्या ठाण्यात, कोणत्या तारखेला, तिची प्रत द्या. चोवीस तासांची मुदत चुकली असेल तर केस आपोआप उडते अशा भ्रमात राहू नका, पण तो मुद्दा पुढे कामाला येतो.

सात दिवसांचा धाक घेऊ नका. १२६ मध्ये सात दिवस लिहिले आहेत ते आकारणी मान्य असलेल्यासाठी. मान्य असेल तर सात दिवसांत भरा आणि मोकळे व्हा, एवढाच त्याचा अर्थ. मान्य नसेल तर लेखी हरकत घ्यायची, सुनावणी मागायची. तात्पुरत्या आकारणीचा आदेश बजावल्यापासून तीस दिवसांत अधिकाऱ्याने अंतिम आदेश काढायचा असतो. तोही मान्य नसेल तर पुढच्या तीस दिवसांत विद्युत निरीक्षकाकडे अपील करता येतं. तिथे निम्मी रक्कम आधी भरावी लागते, हे लक्षात ठेवूनच पैशाची जुळवाजुळव करा. तुमच्या पत्राची तारीख पाहता हरकतीला अजून वेळ आहे, पण फार नाही. या आठवड्यात अर्ज गेलाच पाहिजे.

आता आकडे. तुमच्या कागदात मला सगळ्यात भरपूर दारूगोळा सापडला तो इथे.

पथकाने जोडभाराचा तक्ता केला आहे. गिरणीची मोटर दीड किलोवॅट, दोन कूलर मिळून ०.४, फ्रिज ०.२, टिल्लू पंप ०.३७, टीव्ही ०.१, पंखे-बल्ब ०.३३. बेरीज २.९ किलोवॅट. बेरीज बरोबर आहे. मग हा सगळा भार रोज आठ तास, ३६५ दिवस, निम्म्या क्षमतेने चालतो असं धरून ४,२३४ युनिट काढले आणि दुप्पट दराने ६८,२०० रुपये लावले. दुप्पट दर आणि बारा महिने यात त्यांनी मनानं काही केलं नाही. नेमका काळ कळत नसेल तेव्हा मागचे बारा महिने आणि दुप्पट दर हे कायद्यातच आहे. गडबड आहे ती तासांत.

यवतमाळात कूलर पोळ्याला कोण चालवतं? मार्च सरता सरता निघतो आणि मृगाच्या पावसाला माळ्यावर जातो. म्हणजे फार तर नव्वद दिवस. टिल्लू पंप नळाला पाणी आलं की अर्धा तास. गिरणीवर रोजची दळणं किती होतात ते तुम्हीच मला लिहिलं आहे, त्यावरून मोटर दिवसाला दोन तासांच्या वर जात नाही, आणि वर्षाचे तीनशे दिवस धरले तर तेही जास्तच. यावरून मी हिशेब मांडला : गिरणीचे ९०० युनिट, कूलर रोज आठ तास धरून २८८, पंपाचे ६८, फ्रिजचा रोजचा एक युनिट म्हणजे ३६५, पंखे-बल्ब-टीव्ही रोज चार तास धरून ६२८. एकूण २,२४९. तुमच्या मागच्या बारा बिलांत भरलेले युनिट आहेत १,८००. फरक उरतो साडेचारशेच्या आसपास.

आता त्यांच्याच पंचनाम्यातली ओळ वाचा : अॅक्युचेक या मीटर तपासायच्या मशीनवर मीटर २२ टक्के मंद. मीटर २२ टक्के मंद असेल आणि त्याने १,८०० युनिट दाखवले असतील, तर खरा वापर २,३०८ च्या जवळ येतो. नोंद न झालेले युनिट सुमारे ५०८. म्हणजे त्यांची मशीन आणि तुमचा घरचा हिशेब एका जागी येऊन थांबतात, आणि तिसरीकडे एकटा उभा राहतो तो त्यांचा ४,२३४ चा आकडा. त्यात तुम्ही आधीच पैसे भरलेले १,८०० युनिट वजा केल्याचंही कुठे दिसत नाही. हे तीन आकडे एकाखाली एक लिहून अर्जाच्या पहिल्याच पानावर टाका. बाकी वकिली भाषा नसली तरी चालेल.

एक गोष्ट मात्र आताच स्पष्ट करते. नवीन मीटर लागल्यावर पहिले दोन-तीन महिने जे युनिट येतील, ते तुमच्या बाजूने तरी बोलतील किंवा तुमच्या विरोधात तरी. दीडशेचे एकशे नव्वद झाले तर तुमचं म्हणणं खरं ठरलं. साडेतीनशे झाले तर हा हिशेब कोणी ऐकणार नाही. तेव्हा अर्ज करायच्या आधी घरात दार लावून नीट विचारा. दीराने, पुतण्याने, कोणी मीटर 'करून' घेतलं होतं का? विदर्भातल्या खेड्यापाड्यात मीटर स्लो करून देणारे फिरतात, हे तुम्हालाही ठाऊक आहे आणि मलाही. तुम्ही हात लावला नाही यावर माझा विश्वास आहे, पण न्यायालयात माझा विश्वास चालत नाही. वीज चोरण्याची कृत्रिम सोय तिथे होती एवढं सिद्ध झालं की ती वापरणाऱ्यानेच केली असं कायदा गृहीत धरतो. तसं नाही हे दाखवायची जबाबदारी मग तुमच्यावर येते.

म्हणून लाइनमनची गोष्ट महत्त्वाची आहे आणि ती नुसती सांगून भागणार नाही. मृगातल्या वादळाच्या दिवशी कोणी तक्रार केली होती का, टोल फ्री नंबरवर की शाखेत जाऊन? फोन केला असेल तर मोबाइलवर तक्रार क्रमांकाचा एसएमएस आला असेल, तो शोधा. त्या दिवशी डीपीवर काम झालं असेल तर शाखा कार्यालयात नोंद असते, ती माहिती अधिकारात मागा. दहा रुपयांचा अर्ज, तीस दिवसांत उत्तर. त्याच अर्जात मीटर बसवतानाचा अहवाल मागा, त्यावर सीलचे नंबर असतात. आणि विसरू नका अशी एक गोष्ट : रीडिंग घेणारा मुलगा दर महिन्याला मोबाइलवर मीटरचा फोटो काढतो. ते सगळे फोटो मागा. वादळानंतरच्या पहिल्याच फोटोत सील नसेल आणि त्यानंतर महिनोन्‌महिने कंपनीचाच माणूस बिनासीलचा मीटर पाहून रीडिंग घेऊन जात असेल, तर 'लपवून चोरी' म्हणणं त्यांना जड जाईल. जुनी बिलंही काढा. एखाद्या महिन्यात रीडिंगच्या जागी 'फॉल्टी' किंवा 'इनॲक्सेस' (म्हणजे मीटरपर्यंत पोचता आलं नाही) छापलं असेल तर ते बिल सोन्यासारखं जपा.

कारण मीटर सदोष होता, त्याच्याशी कोणी छेडछाड केली नव्हती, असं ठरलं तर चित्रच पालटतं. सदोष मीटरच्या बिलाची दुरुस्ती राज्य वीज नियामक आयोगाच्या विनियमांप्रमाणे जास्तीत जास्त तीन महिन्यांपुरती होते, तीही साध्या दराने. कुठे बारा महिने दुप्पट दराने आणि कुठे हे! म्हणून काढून नेलेल्या मीटरची प्रयोगशाळेतली तपासणी तुमच्यासमोर व्हावी, तिची तारीख आधी कळवावी, मीटर पाकिटात सीलबंद करून नेला का आणि त्या पाकिटावर कोणाच्या सह्या आहेत, हे सगळं लेखी मागा. बाहेरच्या पेटीचं सील तुटलेलं असणं एक आणि मीटर उघडून आत वायर किंवा सर्किट बसवलेलं असणं दुसरं. तुमच्या पंचनाम्यात फक्त 'सील तुटलेले, मीटर मंद' एवढंच आहे. आत काही सापडल्याचा शब्द नाही. तो शब्द नंतर कुठून उगवू नये, म्हणून ही घाई.

सह्यांबद्दल. जप्त केलेल्या वस्तूंची यादी करून घरच्या माणसाला द्यायची आणि त्याची सही घ्यायची असा नियमच आहे, त्यामुळे सही केली म्हणजे गुन्हा कबूल केला असं होत नाही. पण वाचून न दाखवता, छापील कोऱ्या फॉर्मवर सह्या घेतल्या असतील तर ते आजच्या तारखेनं लिहून कळवा. सहा महिन्यांनी सांगितलं तर कोणी खरं मानत नाही.

आता गावच्या वकिलांकडे येऊ. घरी पुरुष नसताना धाड टाकता येत नाही, हे अर्धंच खरं आहे. कायद्यात आहे ते असं : राहत्या घराची तपासणी सूर्यास्त ते सूर्योदय या वेळात करायची असेल तर घरातला प्रौढ पुरुष हजर असला पाहिजे. तुमच्याकडे पथक आलं भरदुपारी. तो मुद्दा सोडून द्या, अर्जात लिहूही नका. पोकळ मुद्दा घातला की साहेब खरे मुद्देही तसेच पोकळ समजून वाचतो.

ग्राहक मंचाचं म्हणाल तर १२६ च्या आकारणीविरुद्ध किंवा १३५ च्या गुन्ह्यासाठी जिल्हा ग्राहक आयोगात जाता येत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये अनीस अहमद यांच्या खटल्यात तसा निकाल दिला आहे. वीज कंपनीचा स्वतःचा तक्रार निवारण मंच आणि त्यावरचा नागपूरचा विद्युत लोकपाल यांनाही ही कलमं वर्ज्य आहेत. १२६ च्या आकारणीसाठी दिवाणी दावाही चालत नाही. मात्र प्रकरण सदोष मीटरचं आहे किंवा दर चुकीचा लावला आहे असं ठरलं, तर तक्रार निवारण मंचाचं दार उघडतं. पुन्हा तेच, कलम कोणतं यावर दार ठरतं.

पंधरा हजारवाला. त्याला एक पैसा देऊ नका. चोरीच्या प्रकरणात तडजोड करायचा अधिकार ज्याला आहे तो पावती देतो आणि पैसे कंपनीच्या काउंटरवर किंवा ऑनलाइन भरले जातात. पावतीशिवाय दिलेले पंधरा हजार म्हणजे त्याच्या खिशात गेले, तुमचं प्रकरण फाइलमध्ये जसंच्या तसं. कंपनीच्या माणसाने स्वतः मागितले किंवा कोणामार्फत मागवले तर लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा १०६४ हा नंबर आहे. तिकडे फोन करायचं धाडस सगळ्यांना होत नाही, ते मला कळतं. नसेल करायचा तर नका करू, पण पैसे तरी देऊ नका.

भावाच्या भीतीबद्दल. १३५ चा गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र आहे, त्यामुळे भीती अगदीच खोटी नाही. पण सात वर्षांपेक्षा कमी शिक्षेच्या गुन्ह्यात पोलिसांनी साधारणपणे आधी हजर राहण्याची नोटीस द्यायची असते, ऊठसूट अटक करायची नसते. आणि बाईमाणसाला अगदी अपवादाची परिस्थिती नसेल तर सूर्यास्तानंतर अटक करता येत नाही. गुन्हा नोंदला आहे असं कळलं की लगेच अटकपूर्व जामिनाचा अर्ज करायचा. वकिलाच्या फीची चिंता करू नका. विधी सेवा प्राधिकरण कायद्याखाली स्त्रियांना मोफत वकील मिळतो, त्याला उत्पन्नाची अट नाही. दारव्ह्याला कोर्टात जाऊन तालुका विधी सेवा समितीचा अर्ज मागा. सोबत आधारची झेरॉक्स आणि हे कागद न्या. एक अडचण मात्र आहे : मीटर सासऱ्यांच्या नावाचं आहे आणि गुन्हा वापरणाऱ्यावर होतो, म्हणजे तुमच्यावर, तुमच्या यजमानांवर किंवा दोघांवर. अर्ज तुमच्या दोघांच्या नावानं, 'वापरकर्ते व वारस' असं लिहून करा. मीटर तुमच्या नावावर करून घेण्याचा अर्जही याच फेरीत द्या. तीन वर्षं हे राहिलं कसं, ते आता विचारत नाही.

तीस हजारांचं बिल हे कंपाउंडिंगचं, म्हणजे गुन्हा मिटवण्याचं. कलम १५२. ते भरलं की फौजदारी प्रकरण संपतं, निर्दोष सुटल्यासारखंच. मात्र ६८,२०० चं देणं त्याने मिटत नाही, आणि ६८,२०० भरले म्हणून गुन्हा मिटत नाही. लोक इथेच फसतात : एक भरून दुसरं विसरतात. तडजोडीची सवलत एका माणसाला आयुष्यात एकदाच मिळते, हे त्याहून महत्त्वाचं. न केलेल्या चोरीसाठी ती एकमेव संधी उडवायची का?

त्यातही तीस हजार कसे काढले ते पाहा. कायद्याच्या मूळ तक्त्यात लघुदाबासाठी दर किलोवॅटला उद्योगाचे २० हजार, वाणिज्यिकचे १० हजार, शेतीचे २ हजार आणि इतर सेवांचे ४ हजार आहेत. राज्य सरकार अधिसूचनेने हे दर बदलू शकतं. त्यांनी २.९ चा ३ किलोवॅट धरून वाणिज्यिक दर लावला. तुमचं कनेक्शन घरगुती आहे, मग इतर सेवेच्या दराने ते १२ हजार होतात. हा मुद्दा मांडताना जपून मात्र. पिठाची गिरणी वीज नियामक आयोगाच्या दरपत्रकात एरवी औद्योगिक वर्गात मोडते, आणि 'मी गिरणी चालवते, दुकान नव्हे' असं तुम्हीच लिहून दिलं तर कोणी उलट ६० हजार मागेल. जोर घरगुती कनेक्शनवर ठेवा.

त्याला आधार आहे, आणि तो बहुतेकांना माहीत नसतो. आयोगाच्या दर-आदेशांत घरगुती वर्गात अशी तरतूद आहे की राहत्या घराच्या काही भागात कोणी व्यवसाय करत असेल, पण महिन्याचा वापर ३०० युनिटपर्यंत आणि मागच्या आर्थिक वर्षाचा वापर ३,६०० युनिटपर्यंत असेल, तर त्याला घरगुती दरच लागतो. ३,६०० ओलांडले तर पुढे दर बदलतो, तोही आधी कळवून. तुमचा भरलेला वापर १,८०० आणि त्यांच्या मशीनप्रमाणे खरा वापर २,३०८. म्हणजे कसंही मोजा, तुम्ही मर्यादेच्या आतच बसता. ओसरीतल्या गिरणीमुळे अनधिकृत वापर झाला, हा आरोप इथे पार ढिला पडतो, आणि आकारणीत वाणिज्यिक दर लावला असेल तर तोही. चालू दर-आदेशाचं ते पान वकिलाकडून काढून घ्या आणि अर्जाला जोडा.

मग भरायचं की भांडायचं? मी तुमच्या जागी असते तर दोन बिलांचे दोन वेगळे निर्णय घेतले असते. ६८,२०० च्या आकारणीवर भांडले असते, कारण त्यांच्याच आकड्यांनी ती खोटी ठरते. तडजोडीचे पैसे लगेच भरले नसते. मीटरचा तपासणी अहवाल हातात येईपर्यंत थांबले असते. अहवालात आत वायर, सर्किट, काही सापडलं असं निघालं, तर कोणी केलं याची चौकशी नंतर, आधी योग्य दराने तडजोड करून घरावरची केस काढून टाकली असती. राष्ट्रीय लोकअदालतीतही अशी प्रकरणं ठेवली जातात. आणि आत काहीच नसेल, नुसतं सील आणि मंदपणाच असेल, तर वीजचोरीचे खटले चालवणाऱ्या विशेष न्यायालयात उभी राहिले असते. तिथे न्यायाधीशच ठरवतात की चोरीपोटी देणं किती होतं, आणि ते तुम्ही भरलेल्यापेक्षा कमी निघालं तर वरचे पैसे व्याजासह परत मिळतात.

पण तुमची गिरणी बंद आहे आणि ही लढाई लांबणारी आहे, त्यामुळे एक रस्ता डोळ्यापुढे ठेवा. १३५ खाली लाइन तोडली असेल तर आकारणीची रक्कम भरल्यावर ४८ तासांच्या आत जोडून देणं कंपनीवर बंधनकारक आहे. पूर्ण रक्कम झेपत नसेल तर आधी आकारणी दुरुस्त करा आणि हप्ते द्या, असा अर्ज उपविभागात द्या. भरावीच लागली तर 'माझे सर्व हक्क राखून, हरकत घेऊन भरत आहे' असं पत्र सोबत देऊन भरा आणि पत्राच्या प्रतीवर आवक शिक्का घ्या. शिक्का दिला नाही तर स्पीड पोस्टानं पाठवा. बायकांच्या हातातला कागद काउंटरवर नुसता ठेवून घेतात आणि 'पाहू' म्हणतात, म्हणून हे सांगते.

शेजारच्या वायरचं उत्तर साफ नाही असं आहे. तुमची तोडलेली लाइन तुम्ही किंवा कोणी परत जोडली तर तो स्वतंत्र गुन्हा होतो. शेजाऱ्याच्या मीटरवरून तुमच्या घरात वीज आणली तर त्याच्या मीटरची वीज मंजुरी नसलेल्या जागी वापरली असं होऊन १२६ त्याच्यावर बसतं, आणि तुमच्यावर आणखी एक कागद तयार होतो. तुमची केस सध्या बरी आहे, आणि ती तुम्ही कशालाच हात लावला नाही या एका वाक्यावर उभी आहे. दळणं थांबवता येत नसतील तर भाड्याचं डिझेल इंजिन मिळतं का पाहा. त्याच्या डिझेलच्या पावत्या ठेवा, आणि रोज किती दळण झालं ते वहीत तारखेनिशी लिहीत जा. मोटर दिवसाला दोन तासांच्या वर चालत नाही हे सांगताना ती वही लागेल.